प्रेषित थोमाचें थडगें : मैलापूर आणि एडेसा

चेन्नई शहराच्या दक्षिणेकडील भागांत समुद्रास लागून मैलापूर नांवाची फार जुनी वस्ती आहे. कपालीश्वराचें सुप्रसिद्ध देवालय याच वस्तींत असून, तेथून थोड्याच अंतरावर, अगदीं किनाऱ्यालगत, सान थोमे या पोर्तुगीज नांवानें ओळखलें जाणारें एक मोठें ख्रिस्ती मंदिर उभें आहे. हल्लींची इमारत १८९६ सालीं पुरी झालेली, म्हणजे त्या मानानें अलीकडचीच. परंतु तिच्या पोटांत जें थडगें दाखवितात तें येशू ख्रिस्ताच्या बारा शिष्यांपैकीं थोमा याचें होय, अशी दक्षिणेंतील ख्रिस्ती समाजाची पिढीजात श्रद्धा आहे. या श्रद्धेस इतिहासाचा आधार कोठवर पोंचतो, हें पाहण्याचा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

या विषयावर आपल्याकडे दोन टोंकांचीं मतें ऐकूं येतात. एक पक्ष म्हणतो, सबंध कथा सोळाव्या शतकांत पोर्तुगीज पाद्र्यांनीं रचली. दुसरा म्हणतो, इ. स. ५२ मध्यें थोमा मलबारांत उतरला व ७२ मध्यें मैलापुरास मारला गेला, यांत शंकेस जागाच नाहीं. वास्तविक येथें प्रश्न एक नसून तीन आहेत. थोमा हिंदुस्थानांत आला काय, हा पहिला. त्यास पुरलें कोठें, हा दुसरा. आणि त्याच्या अस्थि पुढें कोठें गेल्या, हा तिसरा. पहिल्याचें उत्तर होकारार्थी दिलें म्हणजे दुसऱ्याचें आपोआप सिद्ध होत नाहीं; आणि दुसऱ्याचें खंडन झालें म्हणून पहिला निकालांत निघत नाहीं. आजवरच्या वादाचा निम्मा भाग या सरमिसळीमुळें माजलेला आहे.

थोमाच्या हिंदुस्थान-गमनाचें सर्वांत जुनें सविस्तर साधन म्हणजे 'थोमाचीं कृत्यें' हा ग्रंथ. तो सुरयानी भाषेंत, इसवी सनाच्या तिसऱ्या शतकाच्या पूर्वार्धांत, बहुधा एडेसा नगरींत रचला गेला. एडेसा म्हणजे हल्लींच्या तुर्कस्थानांतील उर्फा. ग्रंथाची हकीकत अशी कीं, शिष्यांनीं चिठ्ठ्या टाकून जगाचे भाग वांटून घेतले तेव्हां हिंदुस्थान थोमाच्या वांट्यास आला. तो जाण्यास राजी होईना. तेव्हां प्रत्यक्ष ख्रिस्तानेंच त्यास हब्बान नांवाच्या व्यापाऱ्यास दास म्हणून विकलें. हब्बानास गुंदफर राजासाठीं सुतार-गवंडी पाहिजे होता. राजानें महाल बांधण्यास दिलेलें द्रव्य थोमानें गोरगरिबांत वांटून टाकलें, आणि तुझा महाल स्वर्गांत तयार झाला आहे असें राजास सांगितलें. पुढें तो मज्दै नांवाच्या दुसऱ्या राजाच्या मुलुखांत गेला. तेथें त्याच्या उपदेशामुळें राणी व सरदारांच्या स्त्रिया संसार सोडूं लागल्या. राजा संतापला, आणि त्याच्या हुकुमावरून चार शिपायांनीं थोमास नगराबाहेर डोंगरावर नेऊन भाल्यांनीं मारलें.

हा ग्रंथ वाचतांना आपल्या बखरींची आठवण झाल्याशिवाय राहत नाहीं. बखरकार संवाद मनचे घालतो, चमत्कार रंगवितो, अंतरें व सालें यांची त्यास फिकीर नसते. परंतु माणसांचीं नांवें तो सहसा कल्पनेनें निर्माण करीत नाहीं. येथेंही तसेंच झालें. गुंदफर हें नांव शतकानुशतकें केवळ कथेंतलें समजलें जात असे, कारण कोणत्याही ग्रीक वा लॅटिन इतिहासकारानें त्याचा उल्लेख केलेला नव्हता. एकोणिसाव्या शतकाच्या चवथ्या दशकांत काबूलच्या खोऱ्यांत व पंजाबांत जुनीं नाणीं विपुल मिळूं लागलीं, आणि त्यांवर ग्रीक व खरोष्ठी अशा दोन्ही लिपींत हेंच नांव निघालें. पुढें पेशावरच्या बाजूस तख्त-ए-बाही येथील खरोष्ठी शिलालेख उजेडांत आला. त्यांत महाराज गुदुव्हर याच्या राजवटीचें २६ वें वर्ष व चालू संवताचें १०३ वें वर्ष एकत्र दिलें आहे. तो संवत् विक्रमाचा धरल्यास लेख इ. स. ४६ च्या सुमाराचा व राज्यारोहण इ. स. २० च्या सुमाराचें ठरतें. थोमाच्या काळाशीं हें बरोबर जुळतें.

एवढ्यावरून कांहीं लेखकांनीं थोमाचें हिंदुस्थानांतील आगमन सिद्ध झालें असें मानिलें. तें जरा घाईचें आहे. सिद्ध झालें तें इतकेंच कीं, एडेसाच्या ग्रंथकर्त्यास दोनशें वर्षांपूर्वीच्या एका पार्थियन-हिंदी राजाचें खरें नांव ठाऊक होतें. व्यापारी मार्गानें असें नांव टिकणें अशक्य नाहीं. उलट, मज्दै राजा व त्याच्या परिवारांतील मंडळी यांचीं नांवें पाहिलीं तर तीं पारसीक व ग्रीक-रोमन वळणाचीं आहेत. संस्कृत, प्राकृत किंवा तमिळ असें एकही नाहीं. ज्या मुलुखांत थोमा मारला गेला तो कोरोमंडलचा किनारा होय असें सुचविणारा एक शब्दही ग्रंथांत नाहीं. त्या काळीं एडेसाच्या माणसानें 'हिंदुस्थान' म्हटलें म्हणजे सिंधूच्या अलीकडचा प्रदेश कीं पलीकडचा, हेंही प्रत्येक वेळीं विचारावें लागतें. शिवाय युसेबियस या चवथ्या शतकांतील इतिहासकारानें ओरिजेनच्या आधारानें थोमाच्या वांट्यास हिंदुस्थान न देतां पार्थिया दिलेला आहे; आणि दुसऱ्या शतकांतील हेराक्लिऑन तर थोमाची गणना न्यायासनापुढें साक्ष देऊन मेलेल्यांत करीतच नाहीं.

परंतु थडग्याच्या दृष्टीनें या ग्रंथाचें खरें महत्त्व त्याच्या शेवटच्या पानांत आहे, आणि तिकडे वाचकांचें लक्ष विशेष वेधावयाचें आहे. थोमास जुन्या राजांच्या थडग्यांत पुरलें. बऱ्याच काळानें मज्दै राजाच्या मुलास पिशाचबाधा झाली. राजास बुद्धि झाली कीं, थोमाचें एखादें हाड आणून मुलाच्या अंगावर बांधावें. त्यानें थडगें उघडविलें, तों आंत हाडें नाहींत! कारण शिष्यांपैकीं एकानें तीं गुपचूप काढून पश्चिमेस नेलीं होतीं. मग राजानें हाडें जेथें होतीं तेथील माती उचलली, ती मुलाच्या गळ्यांत बांधली, आणि मुलगा बरा झाला.

म्हणजे या थडग्याचा उल्लेख करणारें पहिलेंच साधन तें रिकामें असल्याचें सांगतें. थडग्याचें माहात्म्य तेथें हाडांवर उभारलेलें नसून मातीवर उभारलेलें आहे. पुढील हजार-तेराशें वर्षांचा मैलापूरचा इतिहास वाचतांना ही गोष्ट क्षणभरही दृष्टीआड होऊं देतां कामा नये.

अस्थि पश्चिमेस गेल्या त्या एडेसा येथें, याविषयीं चवथ्या शतकापासूनचा पुरावा भक्कम आहे. इ. स. ३७३ मध्यें मरण पावलेला सुरयानी कवि एफ्रेम याच्या एका स्तोत्रांत सैतान आक्रोश करितो कीं, ज्यास मीं हिंदुस्थानांत मारविलें तोच आतां एडेसांत येऊन मला छळीत आहे. आणि त्या अस्थि एका व्यापाऱ्यानें आणल्या असें कवि सांगतो. सुमारें ३८४ मध्यें एगेरिया नांवाची एक यात्रेकरू स्त्री थेट पश्चिम युरोपांतून एडेसास आली व थोमाच्या स्थानीं प्रार्थना करून गेली. तिच्या प्रवासवर्णनाची एकमेव मोठी हस्तलिखित प्रत इटलींत आरेझ्झो येथें १८८४ सालीं सांपडली. एडेसाच्या शकावलींत तर तारीखवार नोंद आहे : इ. स. ३९४, ऑगस्टची २२ तारीख. या दिवशीं प्रेषित थोमाची पेटी त्याच्या मोठ्या मंदिरांत नेऊन ठेविली. कवीचें स्तोत्र, परकी यात्रेकरूचें रोजचें लिखाण आणि शहराची शकावली, असे तीन स्वतंत्र प्रकारचे लेख वीस-पंचवीस वर्षांच्या आंत एकच गोष्ट सांगतात.

आतां या पुराव्यांतील एक मर्म पाहण्यासारखें आहे. एडेसा ही श्रीमंत व अभिमानी नगरी होती. प्रेषिताच्या अस्थि तिच्या ताब्यांत होत्या. थोमा आमच्याच शहरांत देह ठेवून गेला, असें तिनें म्हटलें असतें तर त्या काळीं तिला अडविणारें कोण होतें? तसें ती कधींही म्हणाली नाहीं. तो हिंदुस्थानांत मारला गेला व तेथून अस्थि आल्या, असेंच ती सांगत राहिली. स्वतःच्या मोठेपणास कमीपणा आणणारी साक्ष जेव्हां साक्षीदार आपणहून देतो तेव्हां तिचें वजन वाढतें, हा न्यायसभेंतला नियम इतिहासासही लागू आहे. यावरून थोमा खरोखर हिंदुस्थानांत मेला असें सिद्ध होत नसलें, तरी चवथ्या शतकाच्या मध्यापूर्वींच ती समजूत एडेसांत इतकी रूढ होती कीं ती बदलणें कोणाच्या मनांतही आलें नाहीं, हें निश्चित.

इतर आद्य ख्रिस्ती पुरुषांच्या थडग्यांशीं तुलना केली तर मात्र थोमाची बाजू लंगडी पडते. एफेससचा बिशप पॉलिक्रातिस यानें इ. स. १९० च्या सुमारास लिहिलेल्या पत्रांत योहान एफेसस येथें व फिलिप हिएरापोलिस येथें विसावले असल्याचें स्पष्ट नांवनिशीवार सांगितलें आहे. रोमचा गायस यानें इ. स. २०० च्या आसपास पेत्राचें स्मारक व्हॅटिकन टेकडीवर दाखवून देतां येईल असें लिहिलें; आणि १९४० ते १९४९ च्या दरम्यान व्हॅटिकनच्या मंदिराखालीं जें उत्खनन झालें त्यांत दुसऱ्या शतकांतलें एक लहानसें स्मारक खरोखरच निघालें. तेथें सापडलेलीं हाडें पेत्राचीं कीं नव्हेत हा वाद आहेच. पण जागेविषयींची परंपरा जुनी ठरली. थोमाच्या बाबतींत अस्थींची हकीकत चवथ्या शतकापर्यंत निश्चितपणें नेतां येते. मूळ जागेचें नांव मात्र त्या काळच्या कोणत्याही लेखांत मिळत नाहीं.

अस्थि इतक्या दूर वाहून नेणें संभवनीय आहे काय, अशी शंका एखाद्यास येईल. तिचें निरसन करण्यास फार लांब जावयास नको. आपल्या ठाण्याचें उदाहरण पुरेसें आहे. १३२१ च्या एप्रिल महिन्यांत तोलेन्तिनोचा थोमास व त्याचे तीन सोबती असे चार फ्रान्सिस्कन साधु ठाणें येथें मारले गेले. त्यांचा सहप्रवासी जॉर्डानस यानें त्यांचे देह सोपाऱ्यास नेऊन पुरले. पुढें दोन-चार वर्षांच्या आंतच ओदोरिक नांवाचा त्याच पंथाचा साधु तेथें आला, त्यानें तीं हाडें उकरून कापडांत बांधलीं, आणि समुद्रमार्गानें थेट चीनमधील झैतून बंदरापर्यंत नेऊन तेथील मठांत ठेविलीं. सोपाऱ्याची हाडें चीनला जाऊं शकतात, तर सिंधूच्या मुखापासून किंवा कोरोमंडलापासून इराणी आखातामार्गें एडेसास जाण्यांत नवल काय? आपल्या संतपरंपरेंतही मंगळवेढ्यास वेस कोसळून मृत्यु पावलेल्या चोखोबांचीं हाडें नामदेवांनीं पंढरपुरास आणून महाद्वारापाशीं समाधि बांधली अशी कथा आहेच. मृत्यूची जागा एक व समाधीची दुसरी, हा प्रकार भाविकांस मुळींच अपरिचित नाहीं.

आतां मैलापूरकडे वळूं. इ. स. ५९४ मध्यें मरण पावलेला तूर येथील बिशप ग्रेगरी सांगतो कीं, थिओडोर नांवाच्या गृहस्थानें स्वतः पाहिलेली हकीकत त्यास कळविली : थोमाचा देह हिंदुस्थानांत ज्या जागीं प्रथम ठेविला होता तेथें एक मठ व भव्य मंदिर असून आंत एक दीप अखंड तेवत असतो. सहाव्या शतकांत अस्थि एडेसांत आहेत हें जाणूनही लोक हिंदुस्थानांतील रिकाम्या जागेच्या दर्शनास जात होते, हें यावरून दिसतें. परंतु थिओडोरनें (किंवा ग्रेगरीनें) गांवाचें नांव दिलें नाहीं. पुढच्या ग्रीक-लॅटिन याद्यांत 'कलमिना' असें एक नांव येतें. त्याच्या व्युत्पत्तीवर पुष्कळ शाई खर्चीं पडली आहे. जन्मभर निरुक्त व धातुपाठ यांच्या संगतींत काढलेल्या माणसास असल्या कोड्यांचा मोह पडतो. तथापि जें गांव याद्यांखेरीज कोठेंच भेटत नाहीं त्याचें नांव सोडवून त्यास नकाशावर बसविणें म्हणजे व्याकरणाच्या बळावर गांव वसविणें होय. तो मोह येथें आवरलेला बरा.

त्याच शतकांतला कॉस्मस हा अलेक्झांड्रियाचा व्यापारी मिऱ्यांचा मुलूख 'मले' येथें ख्रिस्ती लोक असल्याचें आणि 'कल्लियान' येथें पारसीक देशांतून नेमलेला बिशप असल्याचें सांगतो. हें कल्लियान बहुतेक विद्वानांच्या मतें आपलें कल्याण. थोमाच्या थडग्याविषयीं मात्र तो चकार शब्द काढीत नाहीं. या मौनाचा फार उपयोग करून घेण्यांत आला आहे. परंतु मीमांसकांनीं अनुपलब्धीस प्रमाण मानतांना एक अट घातलेली आहे : वस्तु असती तर ती दिसलीच असती अशी परिस्थिति पाहिजे, म्हणजे ती योग्यानुपलब्धि पाहिजे. कॉस्मस पश्चिम किनाऱ्याच्या बंदरांविषयीं सांगत आहे. पूर्व किनाऱ्यावरील यात्रास्थानें सांगणें हा त्याचा विषय नव्हे. तेव्हां त्याचें मौन मैलापूरच्या विरुद्ध नाहीं आणि बाजूचेंही नाहीं. 'अँग्लो-सॅक्सन शकावली'च्या कांहीं प्रतींत इ. स. ८८३ खालीं आल्फ्रेड राजानें थोमा व बर्थलमय यांच्यासाठीं हिंदुस्थानांत दानद्रव्य धाडल्याचें लिहिलें आहे; तेथील देशनाम मुळांत वेगळें असावें असा वाद असल्यामुळें त्यावरही भिस्त ठेवतां येत नाहीं.

मैलापूर हें नांव ओळखूं येईल अशा रूपांत तेराव्या शतकांत भेटतें. १२२२ च्या सुमाराचा बसऱ्याचा बिशप सॉलोमन यानें आपल्या सुरयानी ग्रंथांत थोमास हिंदुस्थानांतील 'महलूफ' गांवीं पुरलें व हब्बान व्यापाऱ्यानें देह एडेसास आणला असें लिहिलें आहे. त्यानंतर साक्षीदारांची रांगच लागते. चीनकडे जातांना १२९१-९२ मध्यें मोंतेकोर्विनोचा योहान हिंदुस्थानांत तेरा महिने राहिला. थोमाच्या मंदिराच्या परिसरांत त्याचा सोबती निकोलस मरण पावला व तेथेंच पुरला गेला. त्याच सुमारास मार्को पोलो त्या किनाऱ्यावरून गेला. तो म्हणतो, गांव लहान, व्यापार मुळींच नाहीं. पण ख्रिस्ती व मुसलमान दोघेही यात्रेस येतात. यात्रेकरू जेथें प्रेषित मारला गेला तेथील तांबडी माती नेतात व ती पाण्यांत कालवून हिंवतापाच्या रोग्यास पाजतात. हजार वर्षांपूर्वीच्या सुरयानी ग्रंथांतील माती येथें पुन्हा हातीं लागते! मार्को पोलोनें तो ग्रंथ वाचलेला असण्याचा संभव फार थोडा. तेव्हां ग्रंथावरून आचार निघाला असो कीं आचारावरून ग्रंथ, दोहोंचा दुवा कोठेंतरी जुना आहे. ओदोरिकासही पुढें तेथें नेस्तोरी ख्रिस्त्यांचीं पंधरा घरें व मूर्तींनीं भरलेलें मंदिर आढळलें. आणि पंधराव्या शतकाच्या पूर्वार्धांत निकोलो कोन्ती हा इटालियन 'मालपुरिया' येथें हजारभर नेस्तोरी असल्याचें सांगतो. पोर्तुगीज गलबतें या किनाऱ्यास लागण्यापूर्वींच्या या साक्षी आहेत. सारी कथा पोर्तुगीजांनीं रचली म्हणणाऱ्यांस यांतील एकीचेंही उत्तर देतां येणार नाहीं.

मार्को पोलोनें थोमाच्या मृत्यूची जी हकीकत दिली ती मात्र सुरयानी ग्रंथाहून अगदींच निराळी आहे. थोमा रानांत प्रार्थना करीत बसला होता, भोंवतीं मोर होते. गोवी जातीच्या एका पारध्यानें मोरावर सोडलेला बाण चुकून त्यास लागला. राजाज्ञा नाहीं, भाले नाहींत, निव्वळ अपघात. मैलापूर या नांवांतील 'मयिल्' म्हणजे तमिळांत मोर. संस्कृत माहात्म्यांत गांवास मयूरपुरी म्हणतात, आणि पार्वतीनें लांडोरीच्या रूपानें येथें शिवाची आराधना केली अशी स्थलकथा आहे. टॉलेमीनें इसवी सनाच्या दुसऱ्या शतकांत दिलेलें 'मलिअर्फ' हेंही याच गांवाचें नांव असावें असें मानितात. तेव्हां उघड आहे कीं, बाहेरून आलेल्या हुतात्म्याच्या कथेस गांवाच्या मोरानें आपल्या रंगांत रंगविलें. याच किनाऱ्यावर आणखी एक कथा सांगतात. सातव्या शतकांतील शैव संत संबंदर यानें सर्पदंशानें मेलेल्या पूंपावै नांवाच्या मुलीचीं घटांत जपून ठेविलेलीं हाडें व राख यांतून तिला पुन्हा सजीव केलें. कोणी कोणापासून उचललें हें ठरविण्याचा अट्टाहास नको. पण एकाच गांवांत दोन धर्मांच्या लोकांनीं हाडें व माती यांभोंवतीं कथा विणाव्या हें लक्षांत घेण्याजोगें आहे. कपालीश्वराचें मूळ देवालय समुद्रकांठीं होतें असें मानितात व सान थोमेच्या आवारांत तमिळ शिलालेखांचे तुकडे मिळालेले आहेत. तो प्रश्न महत्त्वाचा आहे, परंतु वेगळा आहे. त्याचा निकाल कसाही लागला तरी थडग्याच्या पुराव्यांत त्यानें एका तिळाची भर पडत नाहीं कीं घट होत नाहीं.

सोळाव्या शतकाच्या आरंभीं जागेची स्थिति कशी होती हें दुआर्ति बार्बोझ सांगतो. मंदिर पडझडीस आलेलें, आणि त्याची राखण एक गरीब मुसलमान करी. तो भिक्षा मागून रात्रीं दिवा लावीत असे. ग्रेगरीच्या मठांतील अखंड दीप तो हाच, असें म्हणावयास पुरावा नाहीं. पण दिवा होता, आणि तो लावणारा ख्रिस्ती नव्हता. १५१७ मध्यें कांहीं पोर्तुगीज एका आर्मेनियन व्यापाऱ्याबरोबर येथें प्रथम आले. १५२३ मध्यें थडगें उकरलें गेलें. विटांनीं बांधलेल्या त्या खड्ड्यांत हाडें, एक भाल्याचें पातें व मातीनें भरलेलें एक मडकें निघालें. गव्हर्नर नूनो द कुन्हा याच्या कारकीर्दींत १५३३ मध्यें याविषयीं जबान्या घेण्यांत आल्या. आपली माहिती मुख्यतः त्यांवरून आहे. खोदणारे श्रद्धाळू होते, आणि आपण काय शोधीत आहों हें त्यांस खोदण्यापूर्वींच ठाऊक होतें. हाडें निघालीं तेव्हां एडेसांतील पेटींत मग कोणाचीं हाडें होतीं, हा प्रश्न त्यांनीं मनावर घेतला नाहीं. भाल्याचें पातें ग्रंथांतील कथेशीं जुळतें, म्हणूनच त्याविषयीं अधिक सावध राहिलें पाहिजे. मातीचें मडकें मात्र सर्वांत बोलकें. हाड मिळेना तेथें माती, या त्या स्थानाच्या जुन्या आचाराशीं तें जुळतें. आणि तें मुद्दाम रचून ठेवण्यांत पोर्तुगीजांचा कांहींच लाभ नव्हता.

१५४७ मध्यें जवळच्या टेकडीवर — तिला हल्लीं थोमाचा डोंगर म्हणतात — पाया खणतांना क्रूस कोरलेली एक शिळा निघाली. तिच्या कडेनें अनोळखी लिपींत लेख होता. तो एका विद्वान ब्राह्मणाकडून वाचविण्यांत आला, आणि त्यानें त्या दोन ओळींतून थोमाचें सबंध चरित्र वाचून दाखविलें! यजमानास काय ऐकावयाचें आहे हें ओळखून अर्थ लावणारे पंडित सर्व काळीं असतात. १८७३ मध्यें ए. सी. बर्नेल यांनीं ती लिपि पहलवी असल्याचें दाखवून दिलें. पुढें विंकवर्थ यांच्या वाचनाप्रमाणें त्यांत क्रूस कोरणाऱ्या एका ख्रिस्ती माणसासाठीं दयेची प्रार्थना तेवढी आहे. थोमाचें नांवही नाहीं. असेच क्रूस केरळांत कोट्टयम् वगैरे ठिकाणीं आहेत, आणि २००१ मध्यें गोव्यांत झुआरीच्या कांठीं आगशी येथेंही पहलवी अक्षरांचा एक क्रूस आढळला. यांवरून पारसीक देशाशीं संबंध असलेल्या ख्रिस्ती लोकांची वस्ती दोन्ही किनाऱ्यांवर पोर्तुगीजांच्या कित्येक शतकें आधीं होती हें निर्विवाद ठरतें. कॉस्मसच्या कल्लियानाचा बिशप याच मंडळींतला. मैलापूरची परंपरा जतन केली ती याच लोकांनीं, असें मला वाटतें.

केरळच्या परंपरेचाही विचार येथें केला पाहिजे. थोमा कोडुंगल्लूरजवळ उतरला, त्यानें सात मंदिरें स्थापिलीं, अमुक घराण्यांस दीक्षा दिली, असें तेथील ख्रिस्ती समाज गीतांतून व कुळकथांतून सांगत आला आहे. हीं गीतें उपलब्ध रूपांत फार जुनीं नाहींत; इ. स. ५२ व ७२ या सालांस समकालीन लेखाचा आधार मुळींच नाहीं. परंतु एडेसाच्या साक्षींतलें मर्म येथेंही आहे. इतका प्रतिष्ठित समाज, ज्याची सारी कुलीनता थोमाच्या नांवावर उभी, त्यानें थोमाचें थडगें आपल्या देशांत कोठेंही दाखविलें नाहीं. तो बोट दाखवितो तें डोंगरापलीकडे, परक्या भाषेच्या मुलुखांत, समुद्रकांठच्या एका गांवाकडे. आणि तेथवर यात्रेस जातो. लटकी परंपरा रचणारा माणूस थडगें स्वतःच्या अंगणांत रचतो.

तेव्हां माझा निर्णय येणेंप्रमाणें आहे. थोमाचें हिंदुस्थानांत येणें संभवनीय आहे, सिद्ध नाहीं. पहिल्या शतकांत पावसाळी वाऱ्यांवर रोमन गलबतें आपल्या किनाऱ्यास सर्रास येत, आणि १९४५ मध्यें पुदुच्चेरीजवळ अरिकमेडू येथील उत्खननांत इटलींतील मातीचीं भांडीं निघालीं, त्यावरून पूर्व किनाराही या रहदारीच्या बाहेर नव्हता हें दिसतें. चवथ्या शतकांत एडेसा येथें त्याच्या म्हणून मानिलेल्या अस्थि होत्या व त्या हिंदुस्थानांतून आल्या अशी पक्की समजूत होती, हें सिद्ध आहे. सहाव्या शतकांत हिंदुस्थानांत त्याच्या थडग्याची जागा पूजिली जात होती, हेंही मान्य करावें लागतें. ती जागा मैलापूरच, हें तेराव्या शतकापूर्वीं नांवानिशीं दाखवितां येत नाहीं; परंतु त्या मानास दुसरें कोणतेंही गांव उमेदवार म्हणून पुढें आलेलें नाहीं, ही गोष्ट लहान नव्हे. १५२३ मध्यें जीं हाडें निघालीं तीं थोमाचीं होत असें धरण्यास मात्र आधार नाहीं. जुना पुरावा त्यांच्या विरुद्ध आहे, आणि तो पुरावा थोमाच्या भक्तांनींच लिहून ठेविलेला आहे.

एडेसांतील अस्थींचें पुढें काय झालें तें सांगून हा लेख पुरा करितों. ११४४ मध्यें झंगीनें एडेसा घेतलें. त्यानंतर अस्थि ईजियन समुद्रांतील कियोस बेटावर नेल्या अशी परंपरा आहे. १२५८ मध्यें ऑर्तोना येथील लिओने नांवाच्या नाखव्यानें त्या बेटावरून त्या उचलून इटलीच्या पूर्व किनाऱ्यावरील आपल्या गांवीं आणल्या. बरोबर आणलेल्या दगडी फरशीवर थोमाची आकृति व त्याचें नांव ग्रीक अक्षरांत कोरलेलें आहे. १५६६ मध्यें तुर्की आरमारानें ऑर्तोना जाळलें, तरी अस्थि वांचल्या. १९४३ च्या डिसेंबरांत त्याच गांवीं जर्मन व कॅनेडियन सैन्यांत घरोघर लढाई होऊन थोमाचें मंदिर उद्ध्वस्त झालें. त्या वेळीं तेथून थोड्या कोसांवर ८ वी भारतीय डिव्हिजन लढत होती, व तींत मराठा लाइट इन्फंट्रीची पहिली पलटण होती. त्याही आगींतून अस्थि निभावल्या. दहा वर्षांनीं, १९५३ च्या डिसेंबरांत, कार्डिनल तिस्सरां यांनीं त्यांपैकीं हाताचें एक हाड हिंदुस्थानांत आणलें. तें ठेविलें गेलें तें मात्र मैलापुरास नव्हे, तर पश्चिम किनाऱ्यावर, कोडुंगल्लूरजवळ अळीक्कोड येथें, जेथें थोमा प्रथम उतरला असें केरळचे लोक सांगतात.